गेम काढण्यासाठी विंडोज ११ चे ‘इन्स्टॉल्ड ॲप्स’

लॅपटॉपची २५६ जीबीची डिस्क काठोकाठ भरली, तेव्हा सेटिंग्जमधील हे पान मला फार उपयोगी पडले, कारण यादी आकारानुसार लावताच सर्वांत जड गेम वर येतात आणि शेजारच्या तीन टिंबांवर क्लिक करून ते काढता येतात. (डेस्कटॉपवरचे शॉर्टकट चिन्ह पुसल्याने जागा सुटत नाही, हे अनेकांच्या लक्षात येत नाही.) ज्यांचा आकार यादीत दिसत नाही, त्यांच्या फोल्डरच्या प्रॉपर्टीज पाहाव्यात. एक गेम काढल्यानंतरही त्याच्या सेव्ह फाइल ‘ॲपडेटा’ फोल्डरमध्ये तशाच राहिल्या होत्या. वर्षभराची प्रगती त्यांत असल्यामुळे मी त्या आधी पेनड्राइव्हवर घेतल्या आणि मगच पुसल्या. या कामासाठी वेगळे क्लीनर सॉफ्टवेअर घेण्याची गरज मला वाटली नाही.