कोल्हापुरातला टाऊन हॉल ते पंचगंगा घाट हेरिटेज वॉक : नक्की जावा, पण एक तक्रार आहे

मागच्या रविवारी बायको आणि आठवीतल्या पोरीला घेऊन हा वॉक केला, माणशी 200 रुपये. आयोजकांचं नाव मुद्दाम लिहीत नाही, तक्रार मी त्यांना समोरच सांगितलीय.

सुरुवात टाऊन हॉल म्युझियममध्ये. इथल्याच ब्रह्मपुरीत सापडलेली पोसायडनची (ग्रीकांचा समुद्रदेव) ती छोटी कांस्यमूर्ती मी शाळेत असताना बघितलेली पण तेव्हा कोण समजावून सांगतंय, इथं गाईडनं रोमन व्यापार, जहाजं, पंचगंगेचा काठ असं सगळं जोडून सांगितलं, पोरगी काचेपासनं हलेना. मग विषय निघाला परत आणायच्या वस्तूंचा. जगदंबा तलवार 1875-76 ला प्रिन्स ऑफ वेल्स (इंग्लंडचा युवराज) आलेला तेव्हा आपल्या कोल्हापूरच्या चौथ्या शिवाजी महाराजांकडून त्याच्याकडे गेली, महाराज तेव्हा लहान पोर होते, अजून ती तिकडंच ब्रिटिश राजघराण्याच्या संग्रहात आहे.

नंतर एका हॉलमध्ये प्रोजेक्टरवर नागालँडकडच्या नागा जमातींबद्दल. हे मला अजिबात माहीत नव्हतं. ऑक्सफर्डच्या पिट रिव्हर्स म्युझियममध्ये नागांच्या साडेसहा हजारांच्या आसपास वस्तू आहेत आणि त्यात माणसांचे अवशेष पण, कवट्या, हाडं. 2020 ला म्युझियमनं मांडलेले वेगवेगळ्या लोकांचे 120 मानवी अवशेष, त्यात नागांचे पण, काचेतनं काढून घेतले, तेव्हापासून नागालँडमधली माणसं गावोगाव म्हाताऱ्यांना विचारत फिरतायत की आपले पूर्वज परत आले तर ठेवायचे कुठं, विधी कुठले करायचे, कारण आता बहुतेक सगळे ख्रिश्चन झालेत. आणि हे चालू असतानाच ऑक्टोबर 2024 ला इंग्लंडमध्ये शिंगं लावलेली एक नागा कवटी लिलावात निघाली. बोंब झाल्यावर मागं घेतली म्हणा, पण कुणाच्या तरी खापरपणजोबाची बोली लावायची?

तर तक्रार इथंच आहे. हे सगळं सांगताना त्या कवटीचा फोटो भिंतीएवढा लावून ठेवला, पाच-सात मिनिटं, समोर लहान पोरं, आणि दोघंतिघं मोबाईलवर फोटो काढत होते. ज्या म्युझियमवर आपण बोलतोय त्यानं कपाट रिकामं केलं आणि आपण कोल्हापुरात पडद्यावर लावतोय, हे मला पटलं नाही. तलवार ही वस्तू आहे, ती बघायलाच मांडायची. माणूस वस्तू नव्हे. गाईडनं ऐकून घेतलं, बदलतो म्हणाले.

शेवट घाटावर, आणि वॉकचा सगळ्यात भारी भाग हाच. आपले दुसरे राजाराम महाराज इंग्लंडवरनं परतताना 30 नोव्हेंबर 1870 ला इटलीत फ्लोरेन्सला वारले, जेमतेम विशीतले. तिथं दहनाची पद्धत नव्हती तरी नगरपालिकेनं परवानगी दिली, आर्नो आणि मुन्योने नद्यांच्या संगमावर आपल्या पद्धतीनं अग्नी दिला, 1874 ला स्मारक झालं आणि त्याचा आराखडा टाऊन हॉल बांधणाऱ्या चार्ल्स मँटचाच! जवळच्या पुलाला पण अजून 'भारतीयाचा पूल' म्हणतात. परक्या मुलखात आपल्या राजाला नदी मिळाली, विधी मिळाले. नागांच्या त्या माणसांना हे मिळालेलं नाही, बास, मला तिथं सगळा विषय कळला. माझ्या वडिलांच्या अस्थी याच घाटावर सोडल्यात, मी बराच वेळ काही बोललो नाही.

चालणं दोन किलोमीटरच्या आत, पण घाटाच्या पायऱ्या निसरड्या आहेत, चपला घालून जाऊ नका. पाचातले चार स्टार.