कमांडोज: जुना, एचडी की ओरिजिन्स? आधी कोणता घ्यावा

कमांडोज ही दुसऱ्या महायुद्धातल्या छुप्या मोहिमांची कॉम्प्युटर गेम मालिका. तिचा पहिला भाग, माद्रिदच्या पायरो स्टुडिओजचा 'बिहाइंड एनिमी लाइन्स', १९९८चा. मिशन २०, आणि एकही गडी पडला की मिशन संपलं. डोळ्याच्या बटणाने पहारेकऱ्याची नजर हिरव्या पट्ट्यात दिसते. जवळच्या फिकट भागात गेलात की पकडले गेलात. लांबच्या गडद भागातून मात्र सरपटत निभावून नेता येतं. पण पट्टा एका वेळी एकाचाच दिसतो, बाकीच्यांच्या फेऱ्या डोक्यात ठेवाव्या लागतात. या गेमची खरी मजा तिथेच आहे. बर्फावर उमटलेल्या पावलांच्या मागावर पहारेकरी येतो. या सवयीचा फायदा घ्या: त्याला कोपऱ्यामागे ओढून आणा आणि तिथे ग्रीन बेरे हा तुमचा कमांडो चाकू घेऊन उभा ठेवा.

अडचण आजच्या विंडोजवर येते. काही मशिनवर खेळ भलताच वेगाने पळतो, रंग बिघडतात. जुने गेम नव्या विंडोजवर चालवणारं डीजीवूडू २ हे सॉफ्टवेअर उतरवून घ्या, त्यातल्या एमएस फोल्डरमधल्या एक्स८६ मधून डीड्रॉ आणि डी३डीआयएमएम या दोन डीएलएल फायली गेमच्या फोल्डरमध्ये टाका. वेग तरीही आवरला नाही तर त्याच्याच सेटिंगमध्ये फ्रेमना मर्यादा घाला.

'कमांडोज २' (२००१) हा आमच्या मते मालिकेतला सर्वांत श्रीमंत खेळ. इमारतींच्या आत शिरता येतं, दारखिडकीतून डोकावता येतं, नकाशा चारही बाजूंनी फिरवता येतो. पडलेल्या सैनिकाचे खिसे तपासा, तिथेच बरंच सामान मिळतं. नुसता बेशुद्ध केलेला शिपाई शुद्धीवर येऊन बोंब ठोकतो, म्हणून आधी बांधा, मग उचलून आडोशाला न्या. नवख्यांची मिशन बहुधा या एका चुकीने फसतात.

त्याचा एचडी रीमास्टर २०२०चा. नव्या पडद्यांवर आणि कंट्रोलरने नीट खेळता येतो, ही जमेची बाजू. सुरुवातीला त्यात बग खूप होते, नंतर पॅच आले. स्वस्तिक आणि जपानी उगवत्या सूर्याचे झेंडे मात्र काढलेत. युद्धकाळाचं चित्र जसं होतं तसं हवं असेल तर मूळ आवृत्तीच शोधा.

'कमांडोज ३' (२००३) घाईचा आहे, काही मिशन घड्याळाशी शर्यत लावतात. तो मागे ठेवला तरी चालेल.

'ओरिजिन्स' एप्रिल २०२५चा, क्लेमोर गेम स्टुडिओजचा, मिशन १४. खेळ थांबवून प्रत्येकाला काम नेमून द्यायचं आणि सगळी एकदम सुरू करायची, ही सोय आधीच्या भागांत नव्हती. दोघांनी मिळून खेळता येतं. पहिल्यांदाच या वाटेला जाणाऱ्याने इथूनच सुरुवात करावी. फक्त सगळे पॅच आधी बसवा.

पहिल्या भागाची पुरवणी असलेल्या 'बियाँड द कॉल ऑफ ड्यूटी'ची (१९९९) ८ मिशन मात्र पहिला भाग पुरा केल्याशिवाय हातात घेऊ नका. सिगारेटचं पाकीट टाकून शिपायाला जागेवरून हलवणं त्यातच आलं, आणि नकाशे त्याच हिशेबाने बेतलेत.