एनवाय वन नोतिसियास: आठ महिने रोज बघितल्यावर

मी न्यूयॉर्क शहरात, क्वीन्समध्ये एल्महर्स्टला राहते आणि सात नंबरच्या ट्रेनच्या लाइनीवर कोरोना नावाचा एरिया आहे, तिथल्या एका फार्मसीत काउंटरला काम करते. समोर येणारी बहुतेक माणसं इक्वेडोरची, मेक्सिकोची नाहीतर डॉमिनिकन. दीड वर्ष मोबाइलवरच्या ॲपवर स्पॅनिश शिकत होते, धडे सगळे पूर्ण, पण काउंटरपलीकडे कोणी बोलायला लागलं की चार शब्दांनंतर धागा सुटायचा. मग सोबतच्या एका इक्वेडोरच्या ताईंनी सांगितलं की बाई, रोज अर्धा तास स्पॅनिश बातम्या लाव, आणि आपल्या शहराच्या लाव. घरात स्पेक्ट्रमची केबल होतीच, तर जून २०२५ मध्ये एनवाय वन नोतिसियास हे स्पॅनिश बातम्यांचं चॅनल लावलं ते आजपर्यंत रोज चालू आहे. आता आठ महिने झाले म्हणून लिहितेय.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, एनवाय वन हे न्यूयॉर्क शहराचं चोवीस तास बातम्यांचं केबल चॅनल, १९९२ पासूनचं, आणि त्याचंच हे स्पॅनिश भावंड २००३ मध्ये सुरू झालं. आता नावात स्पेक्ट्रमही लागतं पण लोक जुन्याच नावाने ओळखतात. अँटेनावर दिसत नाही. युनिव्हिजनचं ४१ आणि टेलेमुंडोचं ४७ ही दुसरी स्पॅनिश चॅनलं अँटेनावर फुकट दिसतात, तीही चांगली आहेत, पण त्यांना न्यू जर्सीपासून सगळं बघायचं असतं, वर देशाच्या बातम्या, मालिका. इथे फक्त शहर. पाच बरो म्हणजे शहराचे पाच भाग, सबवे, शाळा, भाडं, कचरा, पार्किंग, पाऊस. मला हेच हवं होतं.

पहिला महिना कठीण गेला, खरं सांगते. अँकरचं बोलणं स्वच्छ असतं, ते आठवड्याभरात कानाला लागतं, पण रिपोर्टरने रस्त्यावर कोणापुढे माइक धरला की गाडी अडते. डॉमिनिकन माणूस शब्दातला शेवटचा 'स' खातो, 'मास ओ मेनोस', म्हणजे 'साधारण', याचं 'मा ओ मेनो' होतं. बसगाडीला मेक्सिकन माणूस एक शब्द म्हणणार, पोर्तो रिकोचा माणूस 'ग्वाग्वा' म्हणणार. आपल्याकडे मालवणी, वऱ्हाडी, कोल्हापुरी एकाच बातमीपत्रात एकामागून एक ऐकल्यासारखं, आणि ऐकणाऱ्याने फक्त पुस्तकातली मराठी वाचलेली. पण हाच या चॅनलचा सगळ्यात मोठा फायदा निघाला, कारण माझ्या काउंटरवर येणारी माणसं अँकरसारखी बोलत नाहीत, त्या रस्त्यावरच्या माणसांसारखी बोलतात.

दुसरं म्हणजे चोवीस तासांचं चॅनल म्हटल्यावर तीच बातमी दिवसात पाच-सहा वेळा येते. नुसत्या बातम्या हव्या असतील त्याला कंटाळा येईल. शिकणाऱ्याला मात्र सोन्यासारखं आहे. सकाळी डबा भरताना ऐकलं तेव्हा निम्मं कळतं, संध्याकाळी तीच बातमी पुन्हा लागली की राहिलेलं निम्मं उलगडतं, डिक्शनरी न उघडता. मी कॅप्शन मुद्दाम बंद ठेवते, नाहीतर डोळे वाचतात आणि कान झोपतात.

आता एक प्रसंग सांगते, त्यासाठीच खरं तर हे लिहायला बसले. जूनच्या शेवटी भाड्याच्या बोर्डाची बातमी सारखी लागत होती. इथे रेंट स्टॅबिलाइज्ड घरं साधारण दहा लाख आहेत, त्यांचं भाडं किती वाढवता येईल ते हा बोर्ड दरवर्षी मत घेऊन ठरवतो. त्या बातमीत एक बाई रागाने म्हणत होत्या, 'नो पोदेमोस पगार मास', आणि मी लाटणं हातात धरून तशीच उभी राहिले. पगार! आपला पगार! स्पॅनिशमध्ये 'पगार' म्हणजे पैसे देणे, आणि आपल्याकडे हा शब्द पोर्तुगीजांकडून आला, तिथेही तोच अर्थ. चावी, बादली, पाव हे सगळे त्याच बोटीतून आलेले शब्द. ॲपवर हे क्रियापद मी शंभर वेळा टाइप केलं असेल, पण त्या बाईंच्या तोंडून ऐकलं तेव्हा कुठे ते आपलं वाटलं. "आम्ही याहून जास्त देऊ शकत नाही." एवढं वाक्य पूर्ण कळलेलं माझं ते पहिलं.

३० जूनला निकाल लागला, ऑक्टोबरपासून सुरू होणाऱ्या लीजला एक वर्षासाठी ३ टक्के, दोन वर्षांसाठी साडेचार. इतक्या वेळा ऐकलं होतं की आकडे पाठ झाले. आणि पुढे आमच्या घराचं, तेही स्टॅबिलाइज्डच, लीजचं रिन्यूअल आलं तर त्यात एका वर्षाला साडेचार टक्के लावलेले! मिस्टर म्हणाले बरोबरच असेल, सही करून टाक. मी म्हटलं नाही, मी ऐकलंय. मालकाच्या ऑफिसला फोन केला, दोनदा करावा लागला, मग नवीन कागद आला ३ टक्क्यांचा.

राजकारण सुरुवातीला बघत नव्हते. पण जूनमध्ये मेयरची प्राइमरी, म्हणजे पक्षाचा उमेदवार ठरवायची निवडणूक, होती, आणि एका मतपत्रिकेवर पाच जणांपर्यंत पसंतीक्रम कसा द्यायचा हे मला इंग्रजीतून जेवढं कळलं नव्हतं तेवढं इथे कळलं, कारण ज्यांना खरंच माहीत नाही असं धरूनच समजावून सांगतात, आणि प्रेक्षकाला 'उस्तेद' म्हणून, म्हणजे आपलं 'तुम्ही'. ह्वान मानुएल बेनीतेस यांनी इथला 'पुरा पोलीतिका' हा राजकारणाचा कार्यक्रम बरीच वर्षं चालवला. त्यांच्या जुन्या मुलाखती ऑनलाइन सापडल्या तर जरूर बघा, पाहुण्याला वाक्य पूर्ण करू देतात, प्रश्न मात्र सोडत नाहीत. आपल्या मराठी चॅनलवर संध्याकाळी चौकटीत आठ जण एकदम बोलतात, त्यानंतर हे ऐकलं की कानाला आराम मिळतो.

आणि दिवाळी! इथे रस्ता झाडायचा म्हणून ठरलेल्या दिवशी गाडी दुसऱ्या बाजूला हलवावी लागते, सणाला त्यातून सूट असते, आणि दिवाळीही त्या यादीत आहे. स्पॅनिश बातमीत 'पोर दिवाली' ऐकलं तेव्हा मुलाला हाक मारून बोलावलं.

कोणी घ्यावं? तुम्ही पाच बरोंपैकी कुठे राहत असाल आणि घरात ही केबल आधीच असेल तर आजच लावा. फक्त याच्यासाठी नवीन कनेक्शन घेऊ नका, आधी ४१ आणि ४७ बघा. लॅटिन अमेरिकेचं राजकारण खोलात हवं असेल तर तेही इथे मिळणार नाही, त्याची जागा वेगळी. आणि पहिल्या महिन्यात सोडू नका.

२०२६ च्या जानेवारीच्या ४ तारखेपासून बस-सबवेचं भाडं २.९० वरून ३ डॉलर झालं. त्याच आठवड्यात आमच्या एक नेहमीच्या डॉमिनिकन आजी ब्लड प्रेशरच्या गोळ्या घ्यायला आल्या, वय सत्तरच्या पुढे, आणि 'ग्वाग्वा' किती महाग झाली म्हणून भरभर बोलायला लागल्या, सगळे 'स' खाऊन. पूर्वी मी अशा वेळी मान हलवून गोळ्यांची पिशवी पुढे करायचे. या वेळी म्हटलं, नाही 'दोन्या', म्हणजे आपलं 'बाई', तुमच्याकडे सीनियरचं कार्ड आहे ना, मग तुम्हाला निम्मं, 'उनो सिंक्वेन्ता', दीड डॉलर. त्या थांबल्या, माझ्याकडे नीट बघितलं, आणि मग गुडघ्यापासून सुनेपर्यंत सगळं सांगून, मागे रांग लागेपर्यंत, तिथून हलल्या नाहीत.