आधी आई, मग मुलगी: आयरीन पापासच्या तीन चित्रपटांचा डिस्क-संच

हा संच घेतलात तर तिसरी डिस्क आधी लावा.

युरिपिडीस या प्राचीन ग्रीक नाटककाराच्या नाटकांवर दिग्दर्शक मायकेल काकोयानिसने केलेले तीन चित्रपट यात आहेत: 'इलेक्ट्रा' (१९६२), 'द ट्रोजन विमेन' (१९७१) आणि 'इफिजेनिया' (१९७७). डिस्क याच क्रमाने ठेवल्यात. कथा मात्र बरोब्बर उलटी चालते. आधी ट्रॉयच्या युद्धाला निघालेला राजा अगामेम्नॉन आपल्या मुलीचा, इफिजेनियाचा बळी देतो, मग ट्रॉयची राखरांगोळी, शेवटी बापाला मारणाऱ्या आईवर दुसऱ्या मुलीचा, इलेक्ट्राचा सूड. ग्रीक अभिनेत्री आयरीन पापास तिन्हींत आहे. कथेच्या क्रमाने बघितलं की ती आधी आई दिसते, मग मावशी, मग मुलगी!

मी नाटकाच्या तालमी घेते, त्यामुळे नट बोलत नसतो तेव्हा काय करतो याकडे माझं आधी लक्ष जातं. 'इफिजेनिया'त लग्न आहे असं सांगून मुलीला बोलावलेलं असतं. खरं कळल्यावर तिची आई क्लायटेमनेस्ट्रा, म्हणजे पापास, आक्रोश करते, भांडते, विनवते. पण मला हलवलं ते शेवटच्या नजरेने. वाऱ्याने केस तोंडावर आलेत आणि ती निघालेल्या गलबतांकडे बघतेय. नवऱ्याचं मरण तिथेच ठरलं. हे बघून लगेच 'इलेक्ट्रा' लावला. कापलेले केस, अंगावर काळे कपडे, आणि त्याच डोळ्यांत आता आईबद्दलचा द्वेष. मी मध्येच उठून पाणी प्यायले. कॉरिंथजवळच्या खिलिओमोदी गावात जन्मलेली ही बाई. अगामेम्नॉनची राजधानी मायसीनी तिथून फार लांब नाही, त्या मातीत ती उपरी वाटतच नाही.

मधल्या चित्रपटात कॅथरिन हेपबर्न, व्हनेसा रेडग्रेव्ह आहेत, संवाद इंग्रजीत. तिथे पापास हेलन आहे, क्लायटेमनेस्ट्राची बहीण, जिच्यापायी ट्रॉयचं युद्ध झालं. पहिल्यांदा दिसतात ते फळ्यांच्या फटीतून फक्त तिचे डोळे. हा प्रसंग मी तालमीत तीनदा दाखवलाय.

तक्रारी आहेत. 'इलेक्ट्रा' कृष्णधवल, आणि सबटायटल्स पांढरी. उजळ आभाळावर ती वाचताच येत नाहीत. दुसरं जास्त खुपलं. पापासबद्दल संचात एक ओळही नाही. १९६७ साली ग्रीसमध्ये लष्कराने सत्ता बळकावली, तिने उघड विरोध केला आणि ती देशाबाहेर राहिली. ट्रॉयची गोष्ट स्पेनमध्ये का चित्रित झाली, हेही याच काळाशी जोडलेलं आहे. चार पानं छापायला हवी होती.

'झोर्बा द ग्रीक'मधली तिची विधवा यात नाही, ती डिस्क वेगळी घ्यावी लागेल. मी मागवलीय.