कॉलेज टीमचं सगळं सामान इथूनच घ्या, बॉलसाठी तर नक्कीच

टिळक रोडच्या आतल्या गल्लीतलं हे खेळाच्या सामानाचं दुकान बाहेरून अगदीच छोटं वाटतं, पण यावर्षी आमच्या कॉलेजच्या फुटबॉल टीमचा अख्खा सीझन दुकानाच्या मालक काकांनी सांभाळलाय म्हणून मुद्दाम सविस्तर लिहितोय. आमची टीम विद्यापीठाच्या पुणे शहर झोनमध्ये खेळते (बाकीचे झोन पुणे जिल्हा, नगर आणि नाशिक), नॉकआउट असतं त्यामुळे एक मॅच हरलात की वर्षभराची प्रॅक्टिस तिथेच संपली, आणि जिमखान्याचं बजेट किती असतं ते टीम मॅनेजर झालेल्या कुणालाही विचारा.

आम्ही सरळ सगळ्यात महागडे बॉल मागितले तर काकांनी आधी विचारलं, प्रॅक्टिस कुठे करता? मुरमाचं ग्राउंड म्हटल्यावर म्हणाले मग मॅचचा बॉल रोज वापरू नका, महिन्याभरात साल निघेल. प्रॅक्टिसला हाताने शिवलेले, जाड कव्हरचे आणि ब्युटाइल रबराच्या ब्लॅडरवाले (आतली हवेची पिशवी) बॉल दिले, कारण लेटेक्स ब्लॅडरचा टच मस्त असला तरी हवा लवकर जाते, रोज पंप मारत बसावं लागतं. मॅचसाठी मात्र एकच, शिवण नसलेला थर्मल बाँडेड (उष्णतेने चिकटवलेला) बॉल घ्यायला लावला, कारण शिवलेला पावसात पाणी पितो आणि जड होतो, आणि आपल्याकडे झोनच्या मॅच म्हणजे पाऊस आलाच. नियमात ५ नंबरचा बॉल ४१० ते ४५० ग्रॅम, तेसुद्धा मॅच सुरू होताना, तर काकांनी काट्यावर ठेवून वजन दाखवलं मला!! पंपाची पिन ग्लिसरीनमध्ये बुडवून मगच व्हॉल्व्हमध्ये घातली, कोरडी घातली की व्हॉल्व्ह फाटतो म्हणे, आणि कडक ग्राउंडला हवेचा दाब ९ पीएसआयच्या आसपासच ठेवा, टणक केलात तर उड्या मारत बसेल. खरंच, पहिल्याच आठवड्यात पोरांचा फर्स्ट टच (आलेला बॉल पहिल्याच स्पर्शात ताब्यात घेणं) सुधारला.

शूजचंही तेच. आमचा राइट बॅक लांब स्टडचे एफजी (फर्म ग्राउंड, गवताच्या ग्राउंडचे शूज) मागत होता, काकांनी स्पष्ट नाही म्हणून सांगितलं, टर्फवर आणि कडक मातीत ते अडकतात आणि गुडघ्यावर येतं, छोट्या रबरी स्टडचे टीएफ (टर्फ शूज) घे, आणि तेही त्याने मागितलेल्यापेक्षा स्वस्तातले निघाले. कुठला दुकानदार असं करतो सांगा.

आता जर्सी. प्रिंटिंग ते बाहेर देतात आणि तिथे क्वालिटी कमी पडते, दोन धुण्यात तीन-चार नंबरांच्या कडा सुटल्या. पैसे न घेता परत करून दिलं पण ऐन मॅचच्या आदल्या दिवशी धावपळ झाली, म्हणून एक स्टार कमी. उलट क्वार्टर फायनलला समोरच्या टीमचा पण निळाच रंग निघाला, रेफरी म्हणाले बदला, फोन केल्यावर काकांच्या मुलाने अर्ध्या तासात केशरी बिब्ज (जर्सीवरून घालायची बिनबाह्यांची जाकिटं) ग्राउंडवर आणून दिले, ती मॅच आम्ही टायब्रेकरवर काढली. सेमीला ०-१ हरलो, शेवटच्या दहा मिनिटांत कॉर्नरवर गोल बसला, अजून पचलेलं नाही. पण या टीमने चिखलात जे पासिंग केलं ते मी आमच्या कॉलेजकडून आधी कधी पाहिलं नव्हतं.

रेट ऑनलाइनपेक्षा शे-दोनशे जास्त असतील, पण पंक्चर, ब्लॅडर सगळं तिथेच करून देतात आणि कॉलेजच्या नावाने नीट बिल मिळतं, जिमखान्यात ते लागतंच. गोलकीपर ग्लोव्हजमध्ये व्हरायटी फार नाही. दुपारी बंद असतं, चारनंतर जा, टू-व्हीलर मेन रोडलाच लावा. जर्सी हवी असेल तर झोनच्या तारखा लागायच्या आत ऑर्डर द्या आणि नंबर शिवून घ्या, चिकटवलेले नकोच.