केस मागे घ्यायलाही चांगला वकील लागतो (पाचपैकी चार स्टार)

सर्व्हिस मॅटर म्हणजे सरकारी नोकरीतले वाद बघणाऱ्या एका वकील मॅडमचा रिव्ह्यू आहे, नाव टाकत नाही, त्यांनाच आवडणार नाही. प्रमोशनच्या मानीव तारखेवरून (म्हणजे प्रमोशन कागदोपत्री कोणत्या मागच्या तारखेपासून धरायचं) माझं डिपार्टमेंटशी वाजलं होतं, मॅटमध्ये (सरकारी कर्मचाऱ्यांचं महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, ट्रायब्युनल) हरलो, मग हायकोर्ट. आपण सगळे त्याला अपील म्हणतो पण असते ती रिट पिटिशन, 1997 ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की ट्रायब्युनलच्या निकालावर आधी हायकोर्टाच्या दोन जजच्या बेंचकडे जा, तेव्हापासून हाच रस्ता.

तर बऱ्याच तारखा झाल्यावर ऑफिसातून निरोप आला, साहेब पॉझिटिव्ह आहेत, तुम्ही केस काढून घ्या, लगेच तुमच्या तारखेची ऑर्डर काढतो. मी हुरळलोच. जुने वकीलही म्हणाले एका ओळीची पुरसीस (केस मागे घेतोय असं कोर्टाला लेखी कळवणं) टाकू, विषय संपला. मेहुणा ह्या मॅडमकडे घेऊन गेला म्हणून वाचलो.

मॅडमचा पहिला प्रश्न, "ऑर्डर हातात आहे का?" नाही म्हटलं. "मग कशाच्या जीवावर मागे घेताय?" मॅटच्या निकालाचं शेवटचं पान काढलं आणि अर्ज फेटाळल्याच्या ओळीला पेन्सिलने गोल केला. म्हणाल्या, पिटिशन काढली की ही ओळ कायमची, उद्या साहेब बदलले की नवे साहेब हेच पान तुमच्या तोंडावर मारतील. आणि नुसतं मागे घेतलं, पुन्हा यायची मुभा कोर्टाकडून मागून घेतली नाही, तर त्याच कारणासाठी परत रिट करता येत नाही, सुप्रीम कोर्टाचं 1986 चं सरगुजा ट्रान्सपोर्टचं जजमेंट आहे. ही मुभा म्हणजे लिबर्टी, हा शब्द मला जुन्या वकिलांनी एकदाही सांगितला नव्हता हो!

मग आधी ऑर्डर, नंतर माघार असं डिपार्टमेंटला लेखी कळवलं. ऑर्डर आली, मी खूश, मॅडमनी वाचली आणि परत पाठवायला लावली कारण खाली बारीक अक्षरात 'न्यायालयीन प्रकरणाच्या अधीन राहून' असं होतं. म्हणजे केस मागे घेतली की प्रकरण माझ्या विरोधातच संपलं असं धरून ऑर्डर रद्द करायला ह्यांना वाट मोकळी. ते वाक्य निघायला महिना गेला, त्या महिन्यात मला झोप नाही, मॅडम मात्र थंड.

कोर्टात दोन मिनिटं पण लागली नाहीत. सरकारी वकिलांनी ऑर्डर निघाल्याचं सांगितलं, ते रेकॉर्डवर घेतलं, ऑर्डर फिरवली तर पुन्हा येण्याची मुभा मॅडमनी मागितली, मिळाली. निकाल अर्ध्या पानाचा, त्यातली ती लिबर्टीची ओळ मी पाच वेळा वाचली.

एक स्टार का कापला, तर फोन उचलत नाहीत म्हणजे नाहीतच. आपण बोर्डावर (दुसऱ्या दिवशीच्या केसेसच्या यादीत) आहोत हे रात्री अकराला मेसेजवर कळणार, सकाळी रजेचा अर्ज टाकून पळा. जुन्या वकिलांची एनओसी (वकील बदलायला हरकत नाही असं पत्र) आणायलाही मलाच पाठवलं, त्यांच्या समोर बसून मागताना जीव नकोसा झाला, हे काम ऑफिसच्या पोराने करायला हवं होतं. फी मात्र पहिल्या दिवशी जी बोलल्या तीच घेतली.

निकालाची सर्टिफाइड कॉपी आस्थापना शाखेत दिल्यावर सर्व्हिस बुक उघडून स्वतः बघा, माझी दुसऱ्याच्याच फाईलला टोचलेली सापडली.