वेतनत्रुटी: समितीकडे, मॅटमध्ये की थेट उच्च न्यायालयात?

आस्थापना शाखेत असताना 'साहेब, माझ्या पगारात त्रुटी आहे' म्हणत येणाऱ्यांच्या हातात बहुतेक वेळा सहकाऱ्याची पगारपावती असायची. स्वतःचं सेवापुस्तक क्वचितच. आणि 'त्रुटी' या एका शब्दात तीन वेगळी दुखणी असायची. वेतननिश्चिती करताना कुणीतरी चूक केली, हे पहिलं. कनिष्ठाचा पगार ज्येष्ठाच्या पुढे गेला, हे दुसरं. आणि आमच्या पदाला मुळातच कमी वेतनश्रेणी दिली, हे तिसरं. कुठे दाद मागायची हे या फरकावर ठरतं. वकील किती नावाजलेला आहे, हा प्रश्न नंतरचा.

तिसऱ्या प्रकारातलं दुखणं असेल तर माझं मत स्पष्ट आहे: आधी समिती. राज्यात सातव्या वेतन आयोगासाठी के. पी. बक्षी समिती होती, पुढे 2024 मध्ये मुकेश खुल्लर यांच्या अध्यक्षतेखाली वेतनत्रुटी निवारण समिती नेमली गेली. दोन पदांची कामं, पात्रता, जबाबदाऱ्या तोलून श्रेणी ठरवणं हे तज्ज्ञ समितीचं काम, असं न्यायालयं वर्षानुवर्षं सांगत आली आहेत. 'त्या खात्यातल्या लघुलेखकाला मिळतं, मग मला का नाही' एवढ्या मुद्द्यावर याचिका टिकणं कठीण. समितीपुढे संघटनेमार्फत जाता येतं, खिशाला चाट बसत नाही. पण तिथली खोट मोठी आहे. एक तर समिती रोज बसत नाही. दुसरं, शिफारस मान्य झाली तरी वेतन बहुधा 1 जानेवारी 2016 पासून काल्पनिक धरतात आणि प्रत्यक्ष पैसे शासन निर्णयाच्या आसपासच्या तारखेपासून देतात. मधल्या वर्षांची थकबाकी गेली ती गेलीच.

पहिल्या प्रकारात मात्र समितीची वाट बघणं म्हणजे निव्वळ कालापव्यय. समजा सहाव्या आयोगात तुमचं मूळ वेतन ग्रेड पेसह (पदाच्या श्रेणीप्रमाणे मिळणारी ठरावीक रक्कम) 13,910 होतं. सातव्या आयोगाच्या सूत्राने गुणिले 2.57 केलं की 35,749 येतात, म्हणजे एस-13 या वेतनस्तरात लगतचा वरचा 36,500 चा टप्पा. पण एक वेतनवाढ नोंदवायची राहिल्यामुळे लिपिकाने 13,500 धरले. त्याचे 34,695 झाले, ते त्या स्तराच्या सुरुवातीच्या वेतनापेक्षा कमी, म्हणून 35,400 वर बसवलं. महिन्याला 1,100 चा फरक, वर महागाई भत्ता वेगळा. इथे श्रेणीचा वाद नाही, नियम चुकीचा लावला आहे. कार्यालय प्रमुखांना निवेदन द्या, वेतन पडताळणी पथकाकडे सेवापुस्तक जाऊ द्या, आणि नाही झालं तर मॅट.

मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, 1991 पासून आहे. मुंबई, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगरला बसतं. इथली मेख मुदतीत आहे. अंतिम आदेशापासून एक वर्ष. निवेदनाला उत्तरच आलं नाही तर सहा महिने थांबून पुढचं एक वर्ष. आमच्या कार्यालयातले एक वरिष्ठ लिपिक दर दिवाळीनंतर नेमाने नवं निवेदन द्यायचे आणि पोचपावत्या जपून ठेवायचे. त्यांना वाटायचं, प्रत्येक पावतीबरोबर मुदत नव्याने सुरू होते. होत नाही. एस. एस. राठोड प्रकरणात 1989 मध्येच सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की वारंवार निवेदनं देऊन मुदत वाढत नाही.

त्यांना वाचवलं ते दुसऱ्या तत्त्वाने. चुकीच्या वेतननिश्चितीत दर महिन्याच्या पगाराला दाद मागायचं नवं कारण घडतं, असं सर्वोच्च न्यायालयानेच एम. आर. गुप्ता प्रकरणात (1995) म्हटलं आहे. मात्र 2008 च्या तरसेम सिंग निकालाने उशिरा येणाऱ्याची थकबाकी साधारणपणे अर्ज करण्याआधीच्या तीन वर्षांपुरती बांधून ठेवली. वरच्या उदाहरणात म्हणजे 36 गुणिले 1,100, म्हणजे 39,600 आणि त्यावरचा भत्ता. वकिलाची फी याच्याशी ताडून बघा. पण 1 नोव्हेंबर 2005 पूर्वी लागलेला असाल तर निवृत्तिवेतनही शेवटच्या मूळ वेतनावरच निघतं, हे त्या हिशेबात धरायला विसरू नका. एकाच त्रुटीचे चार-पाच जण असतील तर परवानगी घेऊन एकत्र अर्ज करता येतो, खर्च वाटला जातो.

ज्येष्ठ-कनिष्ठ तफावतीत मात्र आधी दोघांची सेवापुस्तकं शेजारी ठेवा. संवर्ग एक, श्रेणी एक, आणि फरक थेट नियमामुळेच पडलेला असेल तर ज्येष्ठाचं वेतन कनिष्ठाच्या बरोबरीला उंचावून मिळतं. कनिष्ठाला आश्वासित प्रगती योजनेचा (बढती न मिळता ठरावीक सेवेनंतर वरची श्रेणी देणारी योजना) लाभ आधी मिळाल्याने किंवा आगाऊ वेतनवाढींमुळे तो पुढे गेला असेल, तर मी तरी अर्ज करायला सांगणार नाही.

उच्च न्यायालय? राज्य शासनाच्या कर्मचाऱ्याला तिथे सरळ जाता येत नाही. एल. चंद्रकुमार निकालानंतर (1997) आधी मॅट, मग उच्च न्यायालयाचं खंडपीठ. जिल्हा परिषद कर्मचारी मॅटच्या कक्षेत येत नाहीत, त्यांचा रस्ता म्हणजे संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली थेट उच्च न्यायालयात रिट याचिका. अनुदानित शाळांतल्या शिक्षकांचे वेतनाचे वादही तिथेच जातात. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांना ऑगस्ट 2025 पासून उच्च न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच जवळ पडतं.

आता उलटी बाजू: पडताळणीत जादा वेतन निघालं आणि वसुलीचा आदेश हातात पडला. इथे निवेदनांत दिवस घालवू नका, स्थगितीसाठी थेट मॅट गाठा. 2014 च्या रफिक मसीह निकालाप्रमाणे गट क आणि ड च्या कर्मचाऱ्यांकडून, निवृत्तांकडून किंवा वर्षभरात निवृत्त होणाऱ्यांकडून, तसंच पाच वर्षांहून अधिक काळ दिलेल्या जादा रकमेची वसुली करता येत नाही. फक्त एक बघा. वेतनश्रेणीचा विकल्प देताना 'जादा रक्कम परत करीन' असं वचनपत्र तुम्ही सही करून दिलं होतं का? 2016 च्या जगदेव सिंग निकालात त्याच कागदावर वसुली कायम राहिली. तो कागद सेवापुस्तकात विकल्पाच्या नमुन्याला जोडलेला असतो.